‘दहापट’ म्हणजे नेमकं किती? वाढीचे मोठे शब्द ऐकल्यावर विचारायचे तीन प्रश्न

हेंद्रेपाड्यातून बदलापूर स्टेशनकडे निघालेल्या रिक्षात शहराचा विषय निघाला, की एक वाक्य हमखास ऐकू येतं: ‘बदलापूर दहापट वाढलं.’ सकाळच्या गर्दीच्या लोकलमध्ये तेच ‘शंभरपट’ होतं. फ्लॅटच्या जाहिरातीत गुंतवणूक ‘अनेकपट’ होते, व्हॉट्सॲप ग्रुपवर पैसे ‘तिप्पट’ होतात आणि बातमीच्या मथळ्यात कशाची तरी ‘कित्येक पटींनी’ वाढ होते.

गप्पांमध्ये यानं काही बिघडत नाही. लग्नपत्रिकेत आनंद ‘द्विगुणित’ होतो, वाढदिवसाला ‘लाख लाख शुभेच्छा’ येतात, तेव्हा कुणी मोजायला बसत नाही आणि बसूही नये. पण हेच शब्द ऐकून माणूस घर बुक करतो, कर्ज काढतो, आयुष्यभराची बचत कुणाच्या तरी हातात देतो. तिथे ‘पट’ हा शब्द हिशोबाचा असतो. हिशोबाचा शब्द भावनेच्या भरात ऐकला, तर फटका खिशाला बसतो.

म्हणून ‘पट’ ऐकल्यावर तीन प्रश्न विचारायला हवेत. कशाच्या पट? किती काळात? आणि वाढ एकदाच, की पुन्हा पुन्हा? यातल्या एकाचंही उत्तर नसेल, तर तो आकडा नाही, नुसतं विशेषण आहे.

बदलापूर खरंच किती पट वाढलं?

पहिला प्रश्न बदलापूरलाच लावून बघता येतो. २००१ च्या जनगणनेत कुळगाव-बदलापूरची लोकसंख्या सुमारे ९८ हजार होती. २०११ च्या जनगणनेत ती सुमारे १ लाख ७४ हजार झाली. भागाकार केला की उत्तर येतं १.७८. म्हणजे दहा वर्षांत शहर दहापट सोडाच, दुप्पटही झालं नाही. ते पावणेदोन पटीहून किंचित जास्त झालं.

आता ही वाढ छोटी आहे का? अजिबात नाही. वर्षाला सरासरी सहा टक्क्यांच्या आसपास वाढणाऱ्या शहरात पाणी, रस्ते, शाळा, गटारं आणि लोकलमधली उभं राहायची जागा, सगळंच कमी पडतं. ‘पावणेदोन पट’ हा आकडा पुरेसा गंभीर आहे. त्याला ‘दहापट’ करून उलट तो हलका होतो, कारण दहापट ऐकणारा मान डोलावतो आणि विसरतो. पावणेदोन पट ऐकणारा विचारू शकतो की, मग पाणीपुरवठाही तितकाच वाढला का? गाड्याही तितक्याच वाढल्या का?

‘दहापट’ म्हणणारा खोटंच बोलतो, असंही नाही. त्याच्या मनातलं बदलापूर आजोबांच्या लहानपणचं असेल, तर त्याचा आकडा कदाचित बरोबरही असेल. अडचण एवढीच की त्यानं आधार वर्ष सांगितलेलं नसतं. २००१ पासून त्याच वेगानं शहर वाढत राहिलं, तरी दहापट व्हायला सुमारे ४० वर्षं लागतील, म्हणजे २०४१ उजाडेल.

गंमत म्हणजे अशा मोजमापासाठी मराठीत शब्दांची चणचण कधीच नव्हती. जुन्या शाळांत पाढ्यांबरोबर पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी आणि साडेतीनाची औटकीही पाठ करून घेत. सव्वापट, दीडपट, पावणेदोन पट, अडीचपट हे शब्द आजही बाजारात चालतात. ज्या भाषेत पावपटीचा हिशोब तोंडपाठ व्हायचा, त्या भाषेच्या मथळ्यांत ‘कित्येक पट’ हे एकच माप उरावं, हे नुकसान आहे.

‘तीनपट वाढ’ म्हणजे तीन हजार की चार हजार?

समजा, एखाद्या सोसायटीचा देखभाल खर्च महिन्याला १,००० रुपये आहे. नोटीस लागली, ‘खर्चात तीनपट वाढ.’ आता भरायचे किती? काहींच्या मते ३,०००, कारण तीनपट. काहींच्या मते ४,०००, कारण मूळ १,००० आणि वर तीनपट वाढ. दोघांचीही बाजू शब्दांतून निघते. म्हणून वाद टाळायचा तर ‘तिप्पट झाला’ असं लिहावं, किंवा सरळ ‘१,००० वरून ३,०००’ असं छापावं. दुसरा मार्ग कधीही चांगला.

टक्क्यांत हा गोंधळ आणखी वाढतो. १०० टक्के वाढ म्हणजे दुप्पट. २०० टक्के वाढ म्हणजे दुप्पट नव्हे, तिप्पट. ९०० टक्के वाढ म्हणजे दहापट. नियम सोपा आहे: वाढीच्या टक्क्यांना शंभरनं भागा आणि त्यात मूळचा एक मिळवा. मोबाइलवर मथळा वाचताना हा ‘मूळचा एक’ हमखास निसटतो.

आणि ‘तीनपट कमी’ हा प्रकार तर मुळातच गडबडीचा. एखादी गोष्ट एकपट कमी झाली, की ती शून्य होते. तीनपट कमी होण्याइतकं काही उरतच नाही. म्हणायचं असतं ‘एक तृतीयांश झालं’. तेवढं लिहिलं की पुरे.

एकदाच, की पुन्हा पुन्हा?

सगळ्यात महागात पडणारा प्रश्न हा. एखादी गोष्ट एकदा दुप्पट होणं वेगळं आणि ठरावीक काळानं पुन्हा पुन्हा दुप्पट होत राहणं वेगळं. दुसऱ्या प्रकाराला गणितात घातांकी वाढ म्हणतात. बातम्यांत आणि कंपन्यांच्या मीटिंगमध्ये ‘एक्सपोनेन्शियल’ हा शब्द फिरतो, पण बहुतेक वेळा त्याचा अर्थ ‘खूप जोरात’ एवढाच धरला जातो. तो चुकीचा आहे. घातांकी वाढ सुरुवातीला हळूही असू शकते. तिची ओळख वेग नाही. वाढीवर पुन्हा वाढ होणं, ही तिची ओळख आहे.

यासाठी मराठीत शब्द आहे आणि तो सातवी-आठवीपासून सगळ्यांना माहीत आहे: चक्रवाढ. व्याजावर व्याज. ‘एक्सपोनेन्शियल’च्या जागी ‘चक्रवाढीनं’ असं लिहिलं, तर बँकेत पासबुक भरायला गेलेल्या आजींनाही नेमकं काय होतंय ते कळेल.

महाराष्ट्रानं ही चक्रवाढ २०२० मध्ये रोज अनुभवली. तेव्हा बातम्यांत ‘रुग्ण दुपटीचा कालावधी’ असा शब्दप्रयोग रूढ झाला. रुग्णसंख्या दुप्पट व्हायला किती दिवस लागतात, हे तो सांगायचा. कालावधी ३ दिवस असेल, तर ३० दिवसांत संख्या दहा वेळा दुप्पट होते, म्हणजे १,०२४ पट. कालावधी १० दिवसांवर गेला, तर त्याच ३० दिवसांत फक्त आठपट. आणि ३० दिवसांवर गेला, तर जेमतेम दुप्पट. तीनाचे दहा झाले एवढंच वरून दिसतं, पण आत हजारपटीचं आठपटीवर येतं.

मराठी पत्रकारितेतला हा उत्तम शब्दप्रयोग होता. काय वाढतंय, किती पट आणि किती काळात, तिन्ही गोष्टी तीन शब्दांत बसल्या. साथ ओसरली आणि मथळे पुन्हा ‘झपाट्यानं’ आणि ‘कित्येक पटींनी’वर परतले. ही सवय टिकायला हवी होती.

‘दामदुप्पट’: संरक्षणाचा शब्द आमिषाचा कसा झाला?

मराठी माणसाच्या तोंडी असलेला आणखी एक शब्द म्हणजे दामदुप्पट. आज तो ऐकला की डोळ्यांसमोर पैसे दुप्पट करून देणारी योजना येते. मूळ अर्थ जवळजवळ उलटा आहे. दामदुप्पट हे जुन्या हिंदू कायद्यातलं तत्त्व. सावकाराला एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करता येणार नाही, असं ते सांगतं. शंभर रुपये दिले असतील, तर व्याज कितीही साठलं तरी एका वेळी एकूण दोनशेच मागता येतील. ब्रिटिश काळातल्या मुंबई इलाख्याच्या न्यायालयांनीही हे तत्त्व मानलं होतं.

म्हणजे चक्रवाढ माणसाला गिळू शकते, हे आधीच्या पिढ्यांना ठाऊक होतं. ‘दुप्पट’ ही त्यांनी कर्जदाराच्या बाजूनं आखलेली मर्यादा होती. आता तोच शब्द ठेवीदाराला ओढण्यासाठी वापरला जातो.

पैसे दुप्पट होण्याचा प्रामाणिक वेग काय, हे पोस्टात जाऊन कळतं. किसान विकास पत्र ही पैसे दुप्पट करणारी सरकारी योजना १९८८ मध्ये सुरू झाली, तेव्हा रक्कम साडेपाच वर्षांत दुप्पट व्हायची. २०११ मध्ये योजना बंद झाली, २०१४ मध्ये पुन्हा सुरू झाली. एप्रिल २०२३ पासून साडेसात टक्के व्याजदरानं रक्कम दुप्पट व्हायला ११५ महिने लागतात, म्हणजे साडेनऊ वर्षांहून थोडं जास्त.

हा आकडा तोंडी काढायची युक्ती आहे: ७२ ला व्याजदरानं भागायचं. ७२ भागिले ७.५ म्हणजे ९.६ वर्षं, म्हणजेच ११५ महिने. ‘७२ चा नियम’ म्हणून ही युक्ती ओळखली जाते आणि नेहमीच्या व्याजदरांना ती पुरेशी अचूक ठरते. बदलापूरची लोकसंख्याही तिनं तपासता येते. सहा टक्क्यांनी वाढणारं शहर बारा वर्षांत दुप्पट होतं.

कर्जालाही हाच नियम. सावकारी भाषेत ‘शेकडा पाच’ म्हणजे शंभराला महिन्याला पाच रुपये. ऐकायला किरकोळ. पण व्याज थकत गेलं आणि त्यावर व्याज चढत गेलं, तर ७२ भागिले ५ म्हणजे साधारण १४ महिन्यांत कर्ज दुप्पट. क्रेडिट कार्डाची थकबाकी महिन्याला साडेतीन टक्क्यांनी चढत असेल, तर वीस-एकवीस महिन्यांत तीच गत. व्याजदर महिन्याचा सांगायचा आणि कमाईची आशा वर्षाची दाखवायची, ही जुनी चलाखी आहे. म्हणून ‘किती काळात?’ हा प्रश्न आधी विचारायचा.

आता दुसरी बाजू. जानेवारी २०२५ मध्ये दादरला टोरेस ज्वेलरीच्या दुकानाबाहेर गुंतवणूकदारांची गर्दी उसळली. दर आठवड्याला परतावा देण्याचं आश्वासन मिळालं होतं आणि ते पैसे येणं थांबलं, अशी त्यांची तक्रार होती. पुढे गुन्हा दाखल झाला, तपास आर्थिक गुन्हे शाखेकडे गेला. न्यायालयात जे ठरायचं ते ठरेल. पण ‘दर आठवड्याला’ या दोन शब्दांत किती मोठी पट दडलेली असते, हे कागदावर बघण्यासारखं आहे.

समजा, कुणी आठवड्याला ६ टक्के देतो म्हणाला. वर्षाचे ५२ आठवडे. मिळालेले पैसे खर्च केले, तरी वर्षभरात ३१२ टक्के परतावा. मुद्दल धरून चौपटीच्या वर. आणि तेच पैसे पुन्हा त्यातच गुंतवत गेलं, तर वर्षाअखेरीस रक्कम सुमारे २०.७ पट होते. एका लाखाचे २० लाख ७० हजार. दुसऱ्या वर्षाअखेरीस ४ कोटी २८ लाख. तिसऱ्या वर्षाअखेरीस ८८ कोटींहून जास्त. तीन वर्षांत एका लाखाचे ८८ कोटी करणारा धंदा जगात असता, तर त्याला दारोदार लाखभर रुपये गोळा करण्याची गरज पडली नसती.

पोस्टाचं उत्तर ११५ महिने आहे. त्याच्या आसपासही न फिरकणारं कुठलंही ‘दुप्पट’ कानावर आलं, तर देणारा पैसे आणतो कुठून, हे विचारावं. बहुतेकदा उत्तर एकच असतं: नंतर आलेल्यांच्या खिशातून. आणि नंतर येणारेही दर वेळी दुप्पट लागतात. काही फेऱ्यांतच शहर संपतं, तालुका संपतो. योजना कोसळते ती तिथे.

परार्धसुद्धा अपुरा पडतो

शब्द संपतात, चक्रवाढ संपत नाही, याची मजेशीर साक्ष बुद्धिबळाच्या पटावर मिळते. पहिल्या घरात गव्हाचा एक दाणा, दुसऱ्यात दोन, तिसऱ्यात चार, असं ६४ घरं भरायची, ही गोष्ट अनेकांनी शाळेत ऐकलेली असते.

भास्कराचार्यांच्या ११५० च्या सुमाराच्या ‘लीलावती’त संख्यांच्या नावांची शिडी दिली आहे. प्रत्येक पायरी आधीच्या दहापट: एक, दश, शत, सहस्र, अयुत, लक्ष, प्रयुत, कोटी, अर्बुद, अब्ज, खर्व, निखर्व, महापद्म, शंकू, जलधी, अंत्य, मध्य आणि शेवटी परार्ध. परार्ध म्हणजे एकावर सतरा शून्यं. त्यापुढे शब्द नाही. बुद्धिबळाच्या पटावर मात्र ५७ वं घर भरतं, तेव्हाच एकूण दाणे परार्धापलीकडे गेलेले असतात. अजून सात घरं बाकी असतात. संपूर्ण पट भरायला १८४ परार्धांहून जास्त दाणे लागतात.

रोजच्या व्यवहारात ही शिडी कोटीवरच थांबली आहे. त्यामुळे अर्थसंकल्पात ‘लाख कोटी’ असा जोडशब्द वापरावा लागतो. एक लाख कोटी म्हणजे एकावर बारा शून्यं, जुन्या भाषेत एक महापद्म, इंग्रजी बातम्यांतला एक ट्रिलियन. राज्याचा २०२५-२६ चा अर्थसंकल्प सुमारे ७ लाख कोटी रुपयांचा होता. हा आकडा डोक्यात मावत नाही. २०११ च्या जनगणनेतल्या ११ कोटी २४ लाख लोकांत तो वाटून बघितला, तर माणशी सुमारे ६२ हजार रुपये येतात. मोठा आकडा समजायचा तर त्याला आणखी मोठं विशेषण लावून उपयोग नाही. त्याला भागावं लागतं.

जिथे ‘पट’ चालतच नाही

काही ठिकाणी मात्र भागाकारही चुकीचा ठरतो. हेंद्रेपाड्याला हे पावसाळ्यात वेगळं सांगावं लागत नाही. बदलापूरला उल्हास नदीची इशारा पातळी १६.५० मीटर आणि धोका पातळी १७.५० मीटर आहे. भागाकार केला, तर धोका पातळी इशाऱ्याच्या फक्त १.०६ पट. ‘सहा टक्के वाढ’ असं कुणी म्हटलं, तर घाबरण्यासारखं काही वाटणार नाही. पण सखल भागातल्या तळमजल्यावर त्या एका मीटरचा अर्थ वेगळा आहे. कोरडी फरशी आणि कमरेएवढं पाणी, एवढा तो फरक आहे. नदीची पातळी ठरावीक खुणेपासून मोजलेली असते, घराच्या उंबऱ्यापासून नाही. म्हणून इथे पट सांगू नये, मीटर सांगावेत आणि पाणी कोणत्या रस्त्यापर्यंत आलंय ते सांगावं. तापमानाचंही तसंच. ४० अंश म्हणजे २० अंशांच्या दुप्पट गरमी नव्हे.

भूकंपात गोष्ट उलटी होते. तिथे आकडा छोटा दिसतो आणि पट आत लपलेली असते. भूकंपाच्या मापात एक अंक वाढला, की जमिनीच्या हादऱ्याची व्याप्ती दहापट आणि बाहेर पडणारी ऊर्जा सुमारे ३२ पट होते. दोन अंक वाढले, तर ऊर्जा हजारपट. पालघर जिल्ह्यातल्या डहाणू-तलासरी भागात नोव्हेंबर २०१८ पासून छोटे धक्के जाणवू लागले. त्यातले मोठे धक्के चारच्या आसपासचे. ३० सप्टेंबर १९९३ चा किल्लारीचा भूकंप ६.२ तीव्रतेचा होता. ४.२ चा धक्का आणि किल्लारी यांत ऊर्जेचा फरक दोनाचा नाही, दीडपटीचाही नाही. तो हजारपटीचा आहे. हे न सांगता नुसता अंक छापला, तर वाचक एकतर विनाकारण घाबरतो, नाहीतर विनाकारण निर्धास्त राहतो.

मग करायचं काय?

वाचकानं करायचं ते सोपं आहे. ‘पट’ दिसला की कशाच्या, किती काळात आणि एकदाच की पुन्हा पुन्हा, हे विचारायचं. फोनमध्ये कॅल्क्युलेटर असतोच. मथळा वाचायला लागतो तेवढाच वेळ भागाकाराला लागतो.

पण सगळा भार वाचकावर टाकणं बरोबर नाही. बातमी लिहिणाऱ्यांनी, नोटीस काढणाऱ्यांनी आणि जाहिरात छापणाऱ्यांनी ‘पट’ लिहिताना मूळ आकडा, नवा आकडा आणि कालावधी शेजारी द्यायलाच हवा. तो देता येत नसेल, तर ‘पट’ लिहू नये. ‘खूप वाढ’ म्हणावं. ते निदान प्रामाणिक असतं. पैसे वाढवून देण्याच्या जाहिरातीत तर वार्षिक दर मोठ्या अक्षरांत असणं बंधनकारकच हवं, कारण ‘आठवड्याला’ आणि ‘महिन्याला’ या शब्दांमागे फसवणूक लपते.

२०११ नंतर देशात जनगणना झालेली नाही. पुढच्या जनगणनेसाठी १ मार्च २०२७ ही संदर्भ तारीख जाहीर झाली आहे. तिचे आकडे येतील, तेव्हा बदलापूरबद्दल पुन्हा मथळे होतील आणि कुणीतरी ‘अनेक पटींनी’ लिहील. तेव्हा हेंद्रेपाड्यातल्या वाचकानं १ लाख ७४ हजार हा आकडा लक्षात ठेवावा आणि नव्या आकड्याला त्यानं भागून बघावं. २०११ पर्यंतचाच वेग टिकला असेल, तर उत्तर अडीचच्या आसपास येईल. अडीचपट लोकांना पाणीही अडीचपट मिळतं का आणि लोकलही अडीचपट सुटतात का, हा प्रश्न त्या दिवशी नगरपालिकेला आणि रेल्वेला आकड्यानिशी विचारता येईल.